हिंदी सिनेमा, सोमाली तोंड

सोमाली भाषेत ‘अफ’ म्हणजे तोंड. आणि ‘अफ’ म्हणजेच भाषा. आपल्या सिनेमांना तिकडे जे नाव पडलं आहे ते यावरूनच: ‘हिंदी अफ सोमाली’. शब्दाला शब्द लावला तर सोमाली तोंडातलं हिंदी. मोगादिशूपासून मिनियापोलिसपर्यंत, नैरोबीच्या ईस्टलीपासून लंडनपर्यंत, जिथे सोमाली माणूस आहे तिथे हे तीन शब्द मोबाइलवर टाइप होतात आणि शाहरुख नाहीतर सलमान सोमालीत भांडायला, रडायला, आईपुढे मान खाली घालायला लागतो.

ही गोष्ट आपल्याकडे कुणाला सांगितली की प्रतिक्रिया ठरलेली. आधी हसू येतं, मग छाती फुगते. ‘बघा, कुठे कुठे पोचलो आपण!’ त्यातला कुणी इंग्रजी वर्तमानपत्रं वाचणारा असेल तर तो लगेच ‘सॉफ्ट पॉवर’, म्हणजे शस्त्रांऐवजी संस्कृतीच्या जोरावर पडणारी छाप, असं म्हणून विषय संपवतो. मला या अभिमानाचीच भानगड वाटते. यात भारताचं कर्तृत्व फार थोडं आहे. मुंबईतून माल गेला, तोही बहुतेकदा कुणी न पाठवता गेला. पुढची सगळी मेहनत सोमाली भाषेची आहे. ती नीट पाहिली तर मराठी माणसाला अभिमान नव्हे, हेवा वाटायला हवा.

आधी त्या ‘हिंदी’ शब्दाचंच बघा. गेल्या काही वर्षांत ‘हिंदी अफ सोमाली’ या पाटीखाली जे सिनेमे चालतात त्यांत तेलुगू आणि तमिळ चित्रपटांची रेलचेल आहे. हैदराबादला तयार झालेला सिनेमा, बोली तेलुगू, नायक तेलुगू, आणि सोमाली प्रेक्षकाच्या लेखी तो ‘हिंदी’. त्यांच्या भाषेत हिंदी म्हणजे हिंदुस्थानचं, एवढंच. त्यात बॉलीवूडचा विजय शोधायला जाणं म्हणजे शेजारच्या मुलाच्या गुणपत्रिकेवर आपल्या बापाची सही करण्यासारखं आहे.

दुसरं, हे नातं काही उपग्रह वाहिन्यांनी किंवा यूट्यूबने जुळवलेलं नाही. एडनच्या आखाताच्या एका काठाला एडन, दुसऱ्या काठाला बर्बेरा. एडन इंग्रजांनी १८३९ साली घेतलं आणि जवळजवळ शंभर वर्षं, १९३२ पर्यंत, त्याचा कारभार मुंबई इलाख्याच्या शेपटाला बांधलेला होता. मराठी माणसाला एडन माहीत आहे ते वासुदेव बळवंत फडक्यांमुळे. त्यांना तिथे काळ्या पाण्याला धाडलं आणि १८८३ मध्ये तिथल्याच तुरुंगात त्यांचा अंत झाला. तो तुरुंग मुंबई सरकारचा होता हे आपण सहसा लक्षात घेत नाही. समोरच्या किनाऱ्यावरच्या ब्रिटिश सोमालीलँडमध्ये तर १९४१ पर्यंत चलन म्हणून आपला रुपया चालायचा. ऊद, धूप, कातडी यांच्या व्यापारापायी गुजराती वाणी तिथे बसलेले होते. बोटी येत-जात होत्या. बोटींबरोबर तबकड्या आल्या, मग सिनेमाची रिळं आली.

त्याच एडनमध्ये अब्दुल्लाही कर्शे नावाचा सोमाली मुलगा वाढला. त्याला पुढे सोमाली संगीताचा जनक म्हणू लागले. म्हातारपणी दिलेल्या एका मुलाखतीत त्याने सांगितलं आहे की एडनमध्ये भारतीय, अरबी, इंग्रजी अशी सगळी गाणी कानावर पडायची आणि त्याला प्रश्न पडायचा, मग आमचं सोमाली संगीत कुठे आहे? हा प्रश्न मला फार महत्त्वाचा वाटतो. हिंदी गाणी ऐकून तो मुलगा हिंदी गायला लागला नाही. त्याने ऊद नावाचं तंतुवाद्य शिकून घेतलं आणि सोमाली शब्दांना चाली लावल्या. परक्या गाण्याने त्याला स्वतःच्या गाण्याची उणीव दाखवली. पुढची सगळी गोष्ट या एका प्रसंगात आहे.

आपल्याकडे एक गैरसमज असतो की भाबड्या लोकांना प्रेमबीम हिंदी सिनेमाने शिकवलं. सोमाली लोकांना ते शिकवायची गरज नव्हती. बर्बेऱ्यात १९३०च्या दशकात एल्मी बोधारी नावाचा एक तरुण भट्टीवर पाव भाजायचा. पाव घ्यायला आलेल्या होदन नावाच्या मुलीवर त्याचा जीव जडला. तो तिच्यावर कविता करू लागला. त्या समाजात पुरुषाने कविता करायची ती युद्धावर, उंटांवर, वंशाच्या भांडणांवर. बाईच्या प्रेमावर जाहीर कविता करणं म्हणजे निव्वळ नामुष्की. होदनचं लग्न दुसरीकडे झालं, आणि १९४१ मध्ये एल्मी वारला. प्रेमाने मेला असं सोमाली माणूस आजही सांगतो, आणि ते सांगताना थट्टेचा सूर नसतो. नायक गरीब, नायिका वडिलधाऱ्यांच्या मर्जीत, मधे कुळ, मान, पैसा, शेवट वाईट. पटकथा तयारच होती. मुंबईचा सिनेमा तिथे पोचला तेव्हा सोमाली प्रेक्षकाने त्यात स्वतःच्या भट्टीचा वास ओळखला.

एल्मीनंतर दोनचार वर्षांतच अब्दी सिनिमो नावाच्या ट्रकचालकाने छोट्या छोट्या प्रेमगीतांचा एक प्रकार रूढ केला, त्याचं नाव ‘बल्वो’. ट्रक आडरानात बंद पडला आणि त्याच्या तोंडून हे गाणं निघालं असं सांगतात. ‘बल्वो’ हा शब्द अरबी ‘बला’वरून आलेला. आपण ‘बला टळली’ म्हणतो तीच ही बला. धर्ममार्तंडांनी अर्थातच त्या गाण्यांना नावं ठेवली, आणि अर्थातच ती आणखी पसरली.

आता डबिंगचा खरा कस कुठे लागतो ते पाहू. सोमाली कवितेचा एक नियम आहे. संपूर्ण कविता एकाच अक्षराच्या अनुप्रासावर तोलायची. ‘द’ घेतला तर प्रत्येक ओळीत ‘द’ने सुरू होणारा शब्द हवाच, मग कविता शंभर ओळींची का असेना. आपल्या मोरोपंतांना यमकांचा सोस होता, पण त्यांनाही कुणी असं एका अक्षराच्या दावणीला बांधलं नव्हतं. ज्या भाषेत लहान मूल हा नाद ऐकत वाढतं तिथे हिंदी गाण्याचं नुसतं भाषांतर कसं चालेल? ‘दिल’ला तिकडचा शब्द, ‘प्यार’ला तिकडचा शब्द, असा हिशेब मांडून गाणं होत नाही. चाल तीच ठेवून सोमालीत गाणं रचायचं तर अनुप्रास नव्याने उभा करावा लागतो, म्हणजे कविता नव्याने लिहावी लागते. हे जमतं तेव्हा फार सुरेख जमतं. जमत नाही तेव्हा डबिंगवाले गाणं आहे तसं हिंदीत वाजू देतात आणि संवादाकडे वळतात. त्यात मला कमीपणा दिसत नाही, उलट कवितेबद्दलची भीड दिसते.

आणखी एक प्रकार आहे तो मला विशेष आवडतो. हिंदी गाणं मूळ आवाजात चालू असतं आणि पडद्यावर खाली सोमाली अर्थ उमटत जातो, रोमन लिपीत. त्या लिपीत ‘सी’ हे अक्षर अरबीतल्या ‘ऐन’ या घशातल्या आवाजासाठी आणि ‘एक्स’ हे खोल ‘ह’साठी वापरतात, त्यामुळे ‘अली’ हे नाव ‘सी’ने सुरू होतं. आपल्याला वाचताना दातात खडा आल्यासारखं होतं. पण ही लिपी पन्नासेक वर्षांचीच आहे. सोमाली भाषा अधिकृतपणे कशी लिहायची याचा निकाल १९७२ मध्ये लागला. त्याआधी अरबी लिपी की रोमन की एखादी घरचीच, यावर वर्षानुवर्षं वाद चालला होता. १९७४-७५ मध्ये शाळा बंद ठेवून हजारो विद्यार्थ्यांना भटक्या वस्त्यांवर अक्षरं शिकवायला धाडलं गेलं. म्हणजे ज्या भाषेला लिखाण मिळून दोन पिढ्याही धड झाल्या नाहीत, ती भाषा आज हौशी पोरांच्या हातून लता-रफीच्या ओळींचा अर्थ लिहून काढते आहे. कुठल्या अकादमीने हे काम त्यांना दिलेलं नाही.

सिनेमाच्या खाली नुसत्या पाट्या टाकून तिथे भागलं नसतं, डबिंगच हवं होतं, याचंही कारण यातच आहे. तिथला व्यवहार कानाचा आहे. कविता कॅसेटवरून गावोगाव जायची, राजकारणही कॅसेटवरून जायचं. कवीच्या शब्दाला इतकं वजन की हद्रावीसारख्या कवीला हुकूमशहा सियाद बर्रेच्या राजवटीने १९७३ मध्ये पकडून पाच वर्षं डांबून ठेवलं. अशा ठिकाणी सिनेमा ऐकायचा असतो, पाहणं ओघाने येतं.

मग १९८८ मध्ये त्याच राजवटीच्या विमानांनी हर्गेसा शहर भाजून काढलं. त्याआधी रेडिओतल्या आणि इतर काही माणसांनी हजारो कॅसेटी आणि रिळं जमिनीत पुरून ठेवली, काही शेजारच्या देशांत पोचवली. आज हर्गेसाच्या सांस्कृतिक केंद्रात त्यातल्या दहा हजारांहून अधिक कॅसेटी जपून ठेवल्या आहेत. १९९१ मध्ये सरकारच कोसळलं. सरकारी पगारावर जगणारी नाटक मंडळी, वादक, गायिका, सगळे पांगले. मोगादिशूचं राष्ट्रीय नाट्यगृह मोडलं. एप्रिल २०१० मध्ये तर एका सशस्त्र गटाने रेडिओ केंद्रांना संगीत बंद करा असं फर्मावलं, तेव्हा तिथल्या काही केंद्रांनी कार्यक्रमांच्या मधल्या सुरावटींच्या जागी गोळीबाराचे, प्राण्यांचे, गाड्यांचे आवाज लावले. असा विनोद फक्त फार सोसलेल्या माणसांनाच सुचतो. राष्ट्रीय नाट्यगृह मार्च २०१२ मध्ये पुन्हा उघडलं आणि तीन आठवड्यांच्या आत तिथे बॉम्बस्फोट झाला. तिथे पुन्हा सिनेमा लागला तो थेट सप्टेंबर २०२१ मध्ये, तीस वर्षांनी.

या तीस वर्षांत सोमाली भाषेतला नाट्यसंवाद कुठे जिवंत होता? म्हणजे रुसवा, टोमणा, धमकी, विनवणी, कोर्टातली उलटतपासणी, सासूचा खवचटपणा, हे सगळं आवाजातून उभं करण्याची कला? तिचा बराच भाग, माझ्या मते, या डबिंगवाल्या पोरांनी सांभाळला. एखाद्या खोलीत गाद्या भिंतीला लावून, एक माइक घेऊन. कधी दोघेतिघेच मिळून सगळ्या पात्रांचे आवाज काढतात. नायकाचा आवाज ऐकून प्रेक्षक ‘हा अमक्याचा शाहरुख’ असं ओळखतात. युगांडात ‘व्हीजे’ लोक चालू सिनेमावर स्वतःची टिप्पणी ओततात, उत्तर नायजेरियात कानोच्या स्टुडिओंमधून हौसा भाषेत हिंदी सिनेमे बाहेर पडतात. सोमाली डबिंग या मोठ्या कुटुंबातलं भावंड आहे. मोबाइल डेटा तिथे आफ्रिकेतल्या सगळ्यांत स्वस्तांपैकी आहे, याचाही हातभार मोठा.

यावर हरकती आहेत आणि त्या खोट्या नाहीत. पहिली: बाहेरचा सिनेमा घरच्या भाषेत फुकट मिळायला लागला की घरचा सिनेमा कोण काढणार? सोमाली दिग्दर्शक आहेत. खादर अहमद यांच्या सोमाली चित्रपटाने २०२१ मध्ये बुर्किना फासोच्या फेस्पाको महोत्सवातलं सर्वोच्च पारितोषिक मिळवलं. मो हरावे यांचा चित्रपट २०२४ मध्ये कान महोत्सवाच्या अधिकृत विभागात होता. पण दोघंही युरोपात राहून, युरोपीय पैशावर काम करतात. मोगादिशूतल्या पोराला त्यांची नावं माहीत असतील-नसतील, सलमान खानचं सगळं चरित्र पाठ असेल. हे बोचणारं आहेच.

पण उपाय म्हणून डबिंग बंद करा म्हणणाऱ्यांनी एकदा बंगळूरला जाऊन यावं. कन्नड चित्रपटसृष्टीने १९६०च्या दशकापासून कन्नडमध्ये डबिंग होऊच दिलं नाही. कायदा नव्हता, पण धाक होता. भाषा वाचवायची, कलाकारांचं पोट वाचवायचं, ही कारणं प्रामाणिक होती. झालं काय? कन्नड प्रेक्षक परभाषेतले सिनेमे परभाषेतच बघायला शिकला. तेलुगू, तमिळ, हिंदी, सगळं त्याला समजायला लागलं आणि कन्नडची गरज तेवढी कमी झाली. २०१५ मध्ये स्पर्धा आयोगाने ही अडवणूक बेकायदा ठरवली. त्यानंतर कन्नड सिनेमाचा अंत वगैरे काही झाला नाही. २०१८ आणि २०२२ मधले त्याचे दोन चित्रपट तर हिंदीत डब होऊन आपल्याकडच्या तालुक्याच्या गावीसुद्धा तुफान चालले.

मराठीत बंदीची वेळच आली नाही. आपल्याला ‘कळतंच की’. हिंदी सिनेमा मुंबईत बनतो, त्याचे स्पॉटबॉय, मेकअपमन, लाइटवाले, संकलक यांत मराठी माणसं भरलेली, आणि तो सिनेमा मराठीत बघायला मिळावा अशी मागणी कुणी कधी जोरात केल्याचं मी ऐकलेलं नाही. हे नेहमीच असं नव्हतं. ‘प्रभात’ने १९३२ पासून आपले चित्रपट मराठी आणि हिंदी असे दोनदा चित्रित केले, तेच सेट, पुन्हा सगळे संवाद. त्याआधीच्या पिढीने तर हेच काम रंगभूमीवर केलं होतं. किर्लोस्करांचं ‘शाकुंतल’ १८८० चं, आगरकरांचं शेक्सपिअरवरचं ‘विकारविलसित’ १८८३ चं. कानडी चाली, पारशी नाटकांतल्या उर्दू चाली उचलायच्या आणि त्यावर मराठी पद बसवायचं, याची आपल्या नाटकवाल्यांना कधी लाज वाटली नाही. आपल्याला ती वाटायला लागली ते नंतर. आज दाक्षिणात्य सिनेमे मराठीत डब करून दाखवणाऱ्या वाहिन्या आहेत, पण घरात कुणी पाहताना सापडला तर तो ‘सहज लागलं होतं’ असं म्हणतो.

परिणाम असा की मराठी मुलाने मराठीत अंतराळयान उडताना, बँक लुटली जाताना, गुप्तहेर फितूर होताना जवळजवळ ऐकलेलंच नसतं. त्याच्या मराठीत आजी बोलते, कीर्तनकार बोलतो, पुढारी बोलतो. सोमाली मुलाच्या सोमालीत मात्र सगळं जग बोलतं, भले तोडकं-मोडकं, ओठ न जुळणारं. कुठल्या भाषेचं भवितव्य बरं दिसतं, हा प्रश्न मी स्वतःला विचारला तेव्हा उत्तर मला आवडलं नाही.

दुसरी हरकत मूल्यांची. गोरं दिसण्याचं वेड, मुलगी ‘नाही’ म्हणत असताना तिच्या मागे लागणारा नायक, हे सगळंही डब होऊन जातंच. खरं आहे. पण हे आपलंच दुखणं. ते आधी मुंबईत बरं करावं, निर्यात आपोआप सुधारेल.

तिसरी गोष्ट हरकत नव्हे, माझीच खंत आहे. सोमाली लोक आपली गाणी गुणगुणतात याचं कौतुक करणारा मराठी वाचक सोमाली माणसाला ओळखतो तो कुठून? बातम्यांतून. मार्च २०२४ मध्ये नौदलाने ‘रुएन’ जहाजावरचे ३५ चाचे मुंबईत आणून पोलिसांच्या ताब्यात दिले तेव्हा आपण सोमालिया हा शब्द शेवटचा वाचला असेल. पण २०१२ आणि पुन्हा २०२२ मध्ये सोमालियाचे राष्ट्राध्यक्ष झालेले हसन शेख मोहमूद भोपाळला शिकले, पुण्यात सोमाली विद्यार्थ्यांच्या पिढ्या शिकून गेल्या, हे फारसं कुणाला ठाऊक नसतं. मी राहत होतो त्या सोसायटीच्या सभेत ‘आफ्रिकन भाडेकरू नकोत’ असा ठराव हात वर करून मंजूर झाला होता. मी हात वर केला नाही, पण तोंडही उघडलं नाही. ज्या पोरांना खोली नाकारली त्यांतल्या एकाने आदल्याच आठवड्यात जिन्यात मला एका जुन्या हिंदी गाण्याचा अर्थ विचारला होता. मुखडा त्याला पाठ होता, अंतऱ्यातला एक उर्दू शब्द अडला होता. तो शब्द मलाही माहीत नव्हता. मी काहीतरी ठोकून दिलं.

तेव्हा ‘सॉफ्ट पॉवर’ची भाषा आपण जरा आवरती घ्यावी. ज्यांच्या घरी आपली गाणी आहेत त्यांना आपल्या घरी जागा नसेल तर त्या पॉवरचं लोणचं घालायचं काय?

राहिला हक्कांचा प्रश्न. सोमालीत फिरणारे बहुतेक सिनेमे परवानगीशिवाय डब झालेले आहेत, यात लपवण्यासारखं काही नाही. निर्मात्यांनी व्हिडिओ उतरवायला लावले तर कायदा त्यांच्याच बाजूने. पण उतरवून मिळणार काय? ती बाजारपेठ अशी आहे की तिथे मुंबईच्या कुठल्या कंपनीचा प्रतिनिधी नाही, चित्रपटगृहं मोजकी, आणि प्रेक्षक अर्ध्या जगात विखुरलेले. यापेक्षा त्यांनी जुन्या, कमाई संपलेल्या सिनेमांचे सोमाली हक्क अगदी नाममात्र किमतीला या डबिंगवाल्यांनाच द्यावेत. अट एकच ठेवावी, श्रेयनामावलीत आवाज देणाऱ्यांची नावं आली पाहिजेत. आज ती बहुतेकदा येत नाहीत.

आणि हक्कांबरोबर एक वस्तू जरूर द्यावी. बऱ्याच सिनेमांची एक वेगळी ध्वनिपट्टी तयार होते, तिच्यात पार्श्वसंगीत असतं, पावलं असतात, दार आपटतं, पाऊस पडतो, फक्त संवाद नसतात. धंद्यात तिला एमअँडई म्हणतात. ती हाताशी नसल्यामुळे सोमाली डबिंग करणाऱ्याला मूळ आवाज दाबून त्यावर बोलावं लागतं. म्हणून त्या आवृत्त्यांत नायिका बोलायला लागली की पाऊस थांबतो, ती गप्प झाली की पुन्हा सुरू होतो. ती पट्टी मुंबईत कुठल्यातरी हार्ड डिस्कवर धूळ खात पडलेली असते. पाठवायला एक दुपार पुरे.